कलाकाराला सरकारी ग्रँट: ही पद्धत आली कुठून?

आर्ट्स कौन्सिलच्या पैशातून भिंतीवर म्युरल झालं, छोट्या नाटक कंपनीचा दौरा निघाला, असल्या बातम्या इतक्या येतात की वाटतं हे पहिल्यापासून असंच चालत आलंय. तसं नाहीये. राजे, देवळं, चर्च, श्रीमंत शेठ यांचा आश्रय जुना, पण सरकारने वेगळी संस्था काढायची आणि तिने लोकांच्या टॅक्समधून स्थानिक कलाकाराला काम द्यायचं हा प्रकार जेमतेम नव्वद वर्षांचा आहे. आणि त्याची मोठी सुरुवात कलाप्रेमापोटी नाही, बेकारीपायी झाली.

१९३३ मध्ये अमेरिकेत महामंदी ऐन जोरात होती. जॉर्ज बिडल नावाच्या चित्रकाराने शाळेपासून ओळखीच्या असलेल्या प्रेसिडेंट रूझवेल्टना पत्र लिहिलं, की मेक्सिकोत सरकार तरुण चित्रकारांना प्लंबरइतकी मजुरी देऊन सरकारी इमारतींच्या भिंती रंगवून घेतंय, आपण का नाही करू शकत. (दिएगो रिवेरा वगैरे मंडळींची ती म्युरल्स तोवर गाजली होती.) त्या वर्षाअखेरीस एक छोटी योजना निघाली आणि १९३५ मध्ये मोठी, फेडरल आर्ट प्रोजेक्ट. तिचा प्रमुख होल्गर केहिल याचं म्हणणं साधारण असं की एकदोन महान कलाकार शोधण्यापेक्षा सगळीकडे कलेचं वातावरण हवं, महान वगैरे त्यातूनच निघतात. जॅक्सन पोलॉक, मार्क रॉथको, ली क्रॅसनर, जेकब लॉरेन्स, हे सगळे नाव होण्याआधी याच सरकारी पगारावर होते, न्यूयॉर्कमध्ये आठवड्याला वीसबावीस डॉलरच्या वर.

मला मात्र त्या प्रसिद्ध नावांपेक्षा दुसरीच गोष्ट मोठी वाटते. त्याच प्रोजेक्टने देशभर शंभराच्या आसपास कम्युनिटी आर्ट सेंटर्स उघडली. बरीचशी अशा गावांत जिथे गॅलरी सोडा, चित्रकलेचा क्लासही नव्हता. बहुतेक ठिकाणी जागा आणि थोडाफार खर्च गावाने उचलायचा, शिकवणाऱ्याचा पगार सरकारने द्यायचा. शिकागोच्या साउथ साइडचं सेंटर १९४० मध्ये कृष्णवर्णीय वस्तीतल्या लोकांनी स्वतः वर्गणी काढून उभं केलं आणि ते आजही सुरू आहे. योजना १९४३ मध्ये बंद पडली ती मात्र अगदीच केविलवाण्या रीतीने, कारण गोदामात उरलेले कॅनव्हास चक्क भंगार म्हणून वजनावर विकले गेले. त्यातले काही पाइपांना गुंडाळायला वापरले असं सांगतात.

तिकडे ब्रिटनमध्ये १९४० साली, युद्धाच्या धामधुमीत, सीमा (CEMA, म्हणजे संगीत आणि कलांना उत्तेजन देणारी कौन्सिल) नावाची संस्था निघाली आणि सुरुवातीचे २५,००० पौंड पिलग्रिम ट्रस्ट या खासगी धर्मादाय संस्थेने दिले. फॅक्टरी कँटीनमध्ये गाण्याचे कार्यक्रम, खाणीच्या गावांत नाटकं, हौशी मंडळांना मदत असं ते काम होतं. १९४२ मध्ये अर्थतज्ज्ञ केन्स चेअरमन झाले आणि रोख बदलला, त्यांना हौशी मंडळींपेक्षा उत्तम दर्जाचे प्रोफेशनल हवे होते. १९४६ मध्ये याच संस्थेची आर्ट्स कौन्सिल ऑफ ग्रेट ब्रिटन झाली, पण या कौन्सिलला राजाची सनद मिळायच्या आधीच, त्याच वर्षी एप्रिलमध्ये, केन्स गेले. त्यांच्या काळापासूनची एक गोष्ट जगभर उचलली गेली. ती म्हणजे पैसा सरकारचा पण कोणाला द्यायचा ते मंत्र्याने ठरवायचं नाही, हाताच्या अंतरावर, म्हणजे सरकारपासून जरा अलग बसलेल्या कौन्सिलने ठरवायचं.

आता हाताच्या अंतरावर म्हटलं तरी हात राजधानीतच! १९५६ पर्यंत कौन्सिलने आपली प्रादेशिक ऑफिसं बंद करून टाकली आणि पैशाचा ओघ बराचसा लंडनच्या मोठ्या ऑपेरा-थिएटरकडे राहिला. यावर नैऋत्य इंग्लंडमधल्या मंडळींनी त्याच वर्षी स्वतःची आर्ट्स असोसिएशन काढली, मग इतर भागांनीही काढल्या, आणि वरच्या कौन्सिलला नंतर यांच्याच मार्फत पैसे वाटावे लागले. भारतात पण क्रम थोडाफार असाच दिसतो, १९५३-५४ मध्ये दिल्लीत तीन अकादम्या (संगीत नाटक, साहित्य, ललित कला) झाल्या आणि विभागीय सांस्कृतिक केंद्रं यायला १९८० चं दशक निम्मं सरावं लागलं.

अमेरिकेने १९६५ मध्ये नॅशनल एंडॉवमेंट फॉर द आर्ट्स काढली तेव्हा एक शहाणपणा केला. राज्याने स्वतःची आर्ट्स एजन्सी काढली तर पैसे मिळतील अशी सोय ठेवली. तोवर अशी एजन्सी हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या राज्यांत होती, काही वर्षांतच सगळीकडे झाली. आज तिथल्या कायद्याप्रमाणे ग्रँटच्या पैशातला ४० टक्के वाटा राज्य आणि प्रादेशिक संस्थांकडे जातो, तिथून काउंटी-शहराच्या कौन्सिलकडे, तिथून मग एखाद्या समूहगायनाच्या ग्रुपकडे किंवा शाळेत वर्कशॉप घेणाऱ्या कुंभाराकडे. साखळी लांब आहे आणि प्रत्येक कडीला फॉर्म आहे, पण गावातल्या माणसाचा अर्ज गावाची माहिती असलेला कोणीतरी वाचतो हे त्यामुळेच शक्य होतं.

यातली मॅचिंगची अट लोकांना जाचक वाटते, म्हणजे जितके आम्ही देऊ तितके तुम्हीही उभे करा. ज्यांच्याकडे देणगीदार आहेत त्यांना ते सोपं जातं आणि ज्यांना खरी गरज त्यांचीच दमछाक होते, ही तक्रार मला पटते. म्हणून बऱ्याच एजन्सी आता स्वयंसेवकांचे तास, फुकट मिळालेला हॉल हेसुद्धा रकमेत धरतात. लोककलांसाठी तर वेगळीच रीत निघाली, अप्रेंटिसशिप ग्रँट. टोपली विणणारी म्हातारी आणि तिच्याकडे शिकणारी एक मुलगी, दोघींनी मिळून अर्ज करायचा, काही महिने शिकवण्याचं मानधन आणि सामानाचा खर्च मिळतो, शेवटी झालेलं काम लोकांना दाखवायचं. रक्कम छोटी असते पण एवढ्यावर एखादी वीण पुढच्या पिढीत जाते.

१९७० च्या दशकात अमेरिकेत पुन्हा बेकारीच्याच पैशातून, सेटा नावाच्या रोजगार कायद्याखाली, साधारण १०,००० कलाकारांना पगारी काम मिळालं, तुरुंगात, वृद्धाश्रमात, शाळांत. ८० च्या दशकाच्या सुरुवातीला ते संपलं. मग १९८९ मध्ये मॅपलथॉर्प आणि सेरानो या फोटोग्राफरांच्या, सरकारी पैशाची मदत झालेल्या आणि काहींना अश्लील किंवा धर्मद्रोही वाटलेल्या फोटोंवरून काँग्रेसमध्ये, म्हणजे तिथल्या संसदेत, गदारोळ झाला, त्याचे पडसाद इतके टिकले की ९० च्या दशकाच्या मध्यात केंद्रीय एजन्सीने, म्हणजे त्याच नॅशनल एंडॉवमेंटने, एकट्या कलाकाराला थेट ग्रँट देणं लेखक आणि एकदोन सन्मान सोडून बंदच केलं. वाद झाला दोनचार जणांवरून आणि दार बंद झालं सगळ्यांना. तेव्हापासून तिथल्या एकट्यादुकट्या चित्रकार-नर्तकाला सरकारी आधार हवा असेल तर राज्याची नाहीतर शहराचीच एजन्सी गाठावी लागते.

या सगळ्या व्यवस्थेत निवड करतं ते पॅनेल, म्हणजे इतर कलाकार आणि जाणकार मंडळी, आणि त्यांच्यावर ओळखीपाळखीचा आरोप पहिल्यापासून आहे. आयर्लंडने २०२२ मध्ये ही भानगडच टाळली. पात्र अर्जांतून २,००० कलाकार सरळ सोडतीने काढले आणि प्रत्येकाला तीन वर्षांसाठी आठवड्याला ३२५ युरो सुरू केले, त्या बदल्यात अमुक चित्र दे, तमुक प्रयोग कर अशी कुठलीही अट न घालता.