नेगेवमधले तंबू आणि पॅलेस्टाइनची शिरगणती

१९४६ साली ब्रिटिश हवाई दलाच्या विमानांनी पॅलेस्टाइनच्या दक्षिणेला, बीरशेबा भागावरून उडत नेगेव वाळवंटाचे फोटो काढले. शत्रूची ठाणी शोधायची नव्हती, भटक्या अरब बेदुईन टोळ्यांचे तंबू मोजायचे होते. ८,७२२ तंबू आणि ३,३८९ घरं भरली. एका तंबूत सरासरी किती माणसं राहतात हे जमिनीवर फिरून काढलं, गुणाकार केला, आणि बेदुईनांची संख्या ९२ हजारांच्या आसपास आली. त्याच भागातली त्यांची संख्या १९२२ साली भरलेल्या करावरून ७३ हजारांच्या घरात धरली होती, तर १९३१ साली ४८ हजारांच्या. मधल्या नऊ वर्षांत पंचवीस हजार माणसं वाळवंटात गडप झाली नव्हती, आणि पुढच्या पंधरा वर्षांत उरलेली जवळपास दुप्पटही झाली नव्हती. बदलली होती ती मोजायची रीत.

या तंबूंचं महत्त्व वर्षभरातच कळलं. १९४७ साली संयुक्त राष्ट्रांच्या समितीनं फाळणीची योजना मांडली. नियोजित ज्यू राज्यात ४ लाख ९८ हजार ज्यू आणि ४ लाख ७ हजार अरब असतील असा तिचा हिशेब होता. त्याच अहवालात पुढे एक वाक्य होतं: याशिवाय सुमारे ९० हजार बेदुईनही या राज्यात येतील. ते अरबांत मिळवले की आकडा ४ लाख ९७ हजारांवर जातो. बहुसंख्या आणि अल्पसंख्या यांत उरतो एक हजाराचा फरक. दुसऱ्या एका उपसमितीनं हवाई मोजणीचे नवे आकडे घेऊन हिशेब पुन्हा मांडला, तर अरब ५,०९,७८० आणि ज्यू ४,९९,०२० निघाले. म्हणजे ज्यू राज्यात पहिल्या दिवशीच अरब जास्त.

पॅलेस्टाइनच्या लोकसंख्येवर आजही हिरिरीनं वाद होतो. एक बाजू म्हणते, तिथे ज्यू नव्हतेच, ते बाहेरून आणून बसवले. दुसरी म्हणते, जमीन ओसाड होती आणि अरबच रोजगारासाठी बाहेरून आले. आकडे दोघेही देतात. मला वाटतं, यातला कुठलाही आकडा हातात घेतला की आधी विचारावं: हा कुणी मोजला, कशासाठी मोजला, आणि मोजताना लपण्यात कुणाचा फायदा होता? हे प्रश्न विचारल्यावर आकडे निरुपयोगी ठरत नाहीत, उलट त्यांतून बऱ्यापैकी पक्कं चित्र उभं राहतं.

सोळाव्या शतकात हा मुलूख उस्मानी तुर्कांकडे आला. त्यांच्या दफ्तरांत गावोगावची कुटुंबं, अविवाहित पुरुष, पिकं आणि कर यांची नोंद आहे. माणसं मात्र मोजलेली नाहीत, कारण कर कुटुंबावर होता. इतिहासकार कुटुंबांच्या संख्येला साधारण पाचनं गुणतात. कुटुंब सरासरी सहा जणांचं होतं असं धरलं, तर त्याच कागदावरून लोकसंख्या वीस टक्क्यांनी वाढते. जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठातले लोकसंख्याशास्त्रज्ञ सर्जिओ देल्ला पेर्गोला यांनी अशा अंदाजांची मालिका मांडली आहे. तिच्यानुसार १५३०च्या दशकात इथे सुमारे १ लाख ५७ हजार लोक होते, त्यांत ज्यू पाच हजार. १८०० साली एकूण पावणेतीन लाख, त्यांत ७ हजार ज्यू आणि २२ हजार ख्रिस्ती. १८९० पर्यंत एकूण आकडा ५ लाख ३२ हजारांवर आणि ज्यूंचा ४३ हजारांवर गेला. जमीन ओसाड नव्हती आणि ज्यूही तिथून कधी नाहीसे झाले नव्हते. साफेद आणि जेरुसलेममध्ये त्यांची वस्ती जुनी होती.

एकोणिसाव्या शतकात मोजणारे वाढले आणि त्यांचे हेतूही. उस्मानी सरकारला सैन्यात भरती करायला पुरुष हवे होते, म्हणून तरुण मुलगे नोंदीतून गळत. स्त्रिया आणि लहान मुलंही कमीच नोंदली जात. इंग्लंडमधले धनिक ज्यू मोझेस माँटेफिओरी यांनी १८३९ पासून १८७५ पर्यंत तिथल्या ज्यूंच्या पाच शिरगणत्या करवून घेतल्या, त्या गरजूंना मदत पोचवण्यासाठी. इथे नाव लपवण्याचं कारण नव्हतं, उलट यादीत असणंच फायद्याचं होतं.

अशा नोंदी दुरुस्त करायला वयांचा मनोरा, म्हणजे वयोगटानुसार मांडलेली लोकसंख्या, कामी येतो. जिथे जन्मदर मोठा असतो तिथे पाच वर्षांखालची मुलं एकूण लोकसंख्येत किती असायला हवीत, याचं प्रमाण साधारण ठरलेलं असतं. वहीत ती त्याहून बरीच कमी दिसली, तर ती होती पण लिहिली गेली नाहीत असं धरून आकडा वर न्यावा लागतो. अमेरिकी इतिहासकार जस्टिन मॅकार्थी यांनी उस्मानी नोंदींवर हे काम केलं. तरीही १९१४ च्या ज्यूंच्या संख्येवर एकमत नाही. मॅकार्थी साठ हजारांच्या आसपास थांबतात, त्या काळी तिथे काम करणारे आर्थर रुप्पिन ८५ हजार सांगत, देल्ला पेर्गोला ९४ हजार धरतात. कारण सरळ आहे. रशिया आणि पूर्व युरोपातून आलेल्या अनेक ज्यूंनी आपलं परदेशी नागरिकत्व सोडलं नव्हतं, त्यामुळे उस्मानी प्रजेच्या वहीत ते नव्हतेच.

पहिल्या महायुद्धानं सगळ्यांनाच झोडपलं. १९१५ ची टोळधाड, उपासमार, सक्तीची भरती, याफामधून केलेली हकालपट्टी. युद्धानंतर ब्रिटिश अंमल आला आणि २३ ऑक्टोबर १९२२ ला पहिली आधुनिक जनगणना झाली. एकूण ७,५७,१८२. मुसलमान ५,९०,८९०, ज्यू ८३,७९४, ख्रिस्ती ७३,०२४, द्रूझ पंथीय ७,०२८. त्याच तक्त्यात १,४५४ हिंदू आणि ४०८ शीखही आहेत, ब्रिटिश फौजेबरोबर तिथवर गेलेल्या हिंदी माणसांची ती खूण. जेरुसलेम शहरात ६२,५७८ जणांपैकी ३३,९७१ ज्यू होते. देशात नऊ माणसांमागे एक ज्यू, राजधानीत मात्र निम्म्याहून जास्त. निव्वळ शहर किंवा निव्वळ खेडी दाखवून कुठलीही बाजू सिद्ध करता येते ती यामुळेच.

दुसरी जनगणना १८ नोव्हेंबर १९३१ ला झाली. एकूण १०,३५,८२१, त्यांत मुसलमान ७,५९,७१२ आणि ज्यू १,७४,६१०. ही ब्रिटिश काळातली शेवटचीच. १९३६ मध्ये अरबांचा संप आणि उठाव सुरू झाला, मग दुसरं महायुद्ध. आपल्याकडे जातींच्या आकड्यांसाठी जसं अजून १९३१ पर्यंत मागे जावं लागतं, तसंच तिथेही पुढचे सगळे आकडे १९३१ च्या पायावर जन्म मिळवून, मृत्यू वजा करून आणि येणाऱ्या-जाणाऱ्यांचा हिशेब धरून काढले गेले. युद्धकाळात रेशन आलं तेव्हा घरातला मृत्यू न कळवण्यात फायदा होता, त्यामुळे हिशेब हळूहळू फुगला.

आता वाढीचा वेग पाहू. १९२२ ते १९४६ या चोवीस वर्षांत मुसलमानांची संख्या ५ लाख ९१ हजारांवरून पावणेअकरा लाखांच्या आसपास गेली. म्हणजे वर्षाला साधारण अडीच टक्के. दर हजारी पन्नासच्या आसपास जन्म आणि पंचवीसच्या खाली उतरत चाललेले मृत्यू असले की एवढी वाढ घरातूनच होते, बाहेरून माणसं यावी लागत नाहीत. मृत्यू का घटले हेही माहीत आहे. विसाच्या दशकात मुसलमान वस्तीत हजारी दोनशेच्या आसपास तान्ही मुलं वर्षभरात दगावत, चाळिशीत हे प्रमाण बरंच खाली आलं. डॉ. इस्रायल क्लिगलर यांनी १९२२ पासून हिवतापाविरुद्ध डासांच्या पैदाशीच्या जागा शोधून, गावकऱ्यांना बरोबर घेऊन जे काम केलं, त्याचा यात मोठा वाटा. बाहेरून अरब अजिबात आले नाहीत असं नाही. १८३० च्या दशकात इब्राहिम पाशाच्या फौजेबरोबर इजिप्शियन आले, पुढे अल्जीरियन आले, कॉकेशसमधले चेर्केस आले. पण एवढ्या मोठ्या वाढीचं ते कारण नव्हे.

ज्यूंची संख्या त्याच काळात ८३,७९४ वरून ६ लाख ८ हजारांवर गेली, म्हणजे वर्षाला आठ टक्क्यांहून जास्त. केवळ जन्मांच्या बळावर कुठलाही मानवी समाज इतक्या वेगानं वाढू शकत नाही. ही वाढ मुख्यतः स्थलांतराची होती. त्यामागे ध्येयवाद होता आणि मागे लागलेलं संकटही. १९२४ मध्ये अमेरिकेनं परदेशी लोकांवर कडक कोटा लावला आणि पूर्व युरोपातल्या ज्यूंचा मोठा रस्ता बंद झाला. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. १९३५ या एका वर्षात ६० हजारांहून जास्त ज्यू पॅलेस्टाइनमध्ये उतरले. १९३९ मध्ये ब्रिटिशांनी पाच वर्षांत मिळून ७५ हजारांची मर्यादा घातली, नेमकी युरोपातल्या ज्यूंना जगण्यासाठी दार हवं होतं तेव्हा.

मग १९४८. ही उलथापालथ जन्ममृत्यूच्या कुठल्याही गणितात बसत नाही. संयुक्त राष्ट्रांच्या पाहणीनुसार ७ लाख २६ हजार पॅलेस्टिनी अरब निर्वासित झाले. काही लढाईच्या भीतीनं निघाले, अनेकांना हाकलून दिलं गेलं, आणि परतीची वाट पुढे जवळजवळ सर्वांनाच बंद झाली. युद्ध चालू असतानाच ८ नोव्हेंबर १९४८ ला इस्रायलनं जनगणना केली. संध्याकाळी पाच ते मध्यरात्र सात तासांची संचारबंदी होती. प्रत्येकानं घरात राहायचं, गणक दारी येणार. या कामाची आखणी इटलीहून आलेले संख्याशास्त्रज्ञ रोबेर्तो बाकी यांची. त्या रात्री जो घरात सापडला त्याची नोंद झाली, नोंदीवर ओळखपत्र आणि नागरिकत्वाचा हक्क ठरत गेला. जो सीमेपलीकडच्या छावणीत होता, त्याचं घर उभं असूनही तो मोजला गेला नाही. जे देशातच होते पण युद्धात आपलं गाव सोडून गेले होते, त्यांतल्या अनेकांची मालमत्ता गैरहजर मालकाची म्हणून सरकारजमा झाली. इस्रायलमध्ये सुमारे १ लाख ५६ हजार अरब उरले. जनगणना म्हणजे असलेल्या लोकांची निव्वळ नोंद असं आपण मानतो. इथे कोण या देशाचा आणि कोण नाही हे त्या रात्रीच्या नोंदीनं ठरवलं.

नोव्हेंबर १९४८ मध्ये सुमारे ७ लाख १७ हजार असलेले ज्यू १९५१ अखेर १४ लाखांवर गेले. हिटलरच्या छळछावण्यांतून वाचलेले आले आणि अरब देशांतले ज्यूही आले. येमेनमधून विमानांनी जवळपास ४९ हजार, इराकमधून १९५०-५१ मध्ये १ लाख २० हजारांच्या वर. इराकमध्ये दोन हजारांहून जास्त वर्षं नांदलेला समाज दोन वर्षांत जवळजवळ संपला. त्यामुळे ‘ज्यू’ आणि ‘अरब’ हे दोन रकाने दिसतात तितके परके नाहीत, लाखो ज्यूंच्या घरची भाषा अरबीच होती.

याच ओघात आपल्या कोकणातले बेने इस्रायल ज्यूही गेले. स्वातंत्र्याच्या सुमाराला त्यांची संख्या वीस हजारांच्या आसपास होती. पुढच्या काही दशकांत बहुतेक जण दिमोना, बीरशेबा, अश्दोद, लोद अशा गावांत स्थिरावले. इस्रायलच्या आकडेवारीत मूळ वर्षानुवर्षं ठरत आलं ते वडिलांच्या जन्मस्थानावरून. वडील इस्रायलमध्ये जन्मले असतील तर मुलांचं मूळही इस्रायल. म्हणून अलिबागहून गेलेल्या आजोबांचा नातू घरी मराठी ऐकत वाढला तरी अशा तक्त्यात भारत उरत नसे.

१९६७ च्या युद्धानंतर इस्रायलनं वेस्ट बँक आणि गाझात शिरगणती केली आणि मग तीस वर्षं तिथे एकही झाली नाही. १९९७ च्या डिसेंबरात पॅलेस्टिनी सांख्यिकी केंद्रानं पहिली जनगणना केली, आकडा जवळपास २९ लाख आला. २००५ च्या सुमाराला एका अमेरिकी-इस्रायली गटानं या केंद्राचा तेव्हाचा आकडा दहा लाखांहून जास्त फुगवलेला असल्याचा दावा केला. देल्ला पेर्गोलांसारख्यांनी तो मान्य केला नाही, पण एक खरी अडचण दाखवली. पूर्व जेरुसलेममधले पॅलेस्टिनी इस्रायली आणि पॅलेस्टिनी, दोन्ही सांख्यिकी केंद्रांच्या हिशेबात येतात. जॉर्डन नदीपासून भूमध्य समुद्रापर्यंतची बेरीज करताना त्यांना एकदा वजा करावं लागतं, आणि परदेशी गेलेल्यांचंही तसंच. ही वजाबाकी करूनही आज दोन्ही समाज प्रत्येकी सत्तर लाखांच्या आसपास निघतात. त्याबाहेर संयुक्त राष्ट्रांच्या संस्थेकडे नोंदलेले निर्वासितही आहेत, त्यांतले काही लेबनॉनमध्ये. लेबनॉनमध्ये तर पंथांचं गणित बिघडेल या भीतीनं १९३२ नंतर जनगणनाच झालेली नाही.

जन्मदरावरून भविष्य सांगणारे मात्र सर्वांत जास्त चुकले. १९६० च्या दशकात इस्रायलमधल्या मुसलमान स्त्रीला सरासरी नऊ मुलं होत. त्यावरून काही दशकांत काय होईल याच्या तारखाच दिल्या जात होत्या. मुली शाळेत गेल्या, बालमृत्यू घटले, आणि आज हे प्रमाण तीनच्या आसपास आहे. ज्यू स्त्रियांचंही तेवढंच. विकसित देशांत ते दोनच्याही खाली असताना इस्रायली ज्यूंमध्ये ते चढलं, कर्मठ पंथीयांत तर सहाच्या वर गेलं. १९९० नंतर सोव्हिएत संघातून जवळपास दहा लाख लोक येतील हे कुठल्याच भाकितात नव्हतं. त्यांच्यातले अनेक जण धर्मशास्त्राच्या कसोटीवर ज्यू नसल्यानं १९९५ पासून तक्त्यात ‘इतर’ हा नवा रकाना उघडावा लागला.

गाझात तर ऑक्टोबर २०२३ पासूनच्या युद्धानं मोजण्याची यंत्रणाच मोडली आहे. २०२४ अखेर तिथली लोकसंख्या युद्धापूर्वीपेक्षा सुमारे ६ टक्क्यांनी घटल्याचा अंदाज पॅलेस्टिनी सांख्यिकी केंद्रानं दिला. त्यात मेलेले आहेत, बाहेर पडलेले आहेत, आणि ढिगाऱ्याखाली असल्यानं मृतांच्या यादीत न आलेले आहेत. पुढची जनगणना होईल तेव्हा त्यांचा शोध वयांच्या मनोऱ्यातूनच घ्यावा लागेल, मागच्या मोजणीनुसार प्रत्येक वयोगटात किती जण असायला हवे होते आणि किती सापडले, हे एकेक करून ताडून.