काळघुमटाचा प्रवेश-परवाना: पात्रता, कागदपत्रे आणि अर्ज परत येण्याची कारणे

यंत्रनगरी ही कल्पनेतली नगरी आहे, तिथला सूर्यसुद्धा दातेरी चाकांवर उगवतो आणि तिच्या मधोमध उभ्या असलेल्या काळघुमटात काळ सरळ न चालता वाकतो, एवढे गृहीत धरूनच पुढील माहिती वाचावी. परवाना मिळालेल्या व्यक्तीला आपल्या आयुष्यातला एक गेलेला प्रहर घुमटात पुन्हा पाहता येतो. त्यात बोलता येत नाही, काही बदलता येत नाही. खानदेशातून तेथे जाणारे बहुतेक अर्ज परत येतात. लोकांचे अर्ज भरून देताना मला त्याचे कारण जवळजवळ नेहमी एकच दिसले आहे: अर्जदार घड्याळातली वेळ लिहितो आणि घुमट त्याच्या गावच्या सूर्याची सरासरी वेळ मागतो.

अर्जदाराचे वय १८ वर्षे पूर्ण असावे, प्रहर स्वतःचा असावा आणि पूर्वी परवाना घेतलेला नसावा. ओळखपत्राची प्रत, दोन छायाचित्रे आणि शुल्काची पावती यांत कोणी अडकत नाही.

अडकतात ते स्थानिक वेळेच्या तक्त्यात. आपली प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून ८२.५ अंश पूर्व रेखांशावर धरली जाते आणि खानदेश त्या रेषेच्या बराच पश्चिमेला असल्यामुळे आपल्याकडे सूर्य उशिरा माथ्यावर येतो. एका अंशाला चार मिनिटे या हिशेबाने घड्याळाच्या वेळेतून जळगावला सुमारे २८, धुळ्याला ३१ आणि नंदुरबारला ३३ मिनिटे वजा करावी लागतात. वजाच करावी लागतात; मिळवणारे अर्जदार दर आठवड्याला भेटतात. धुळ्याच्या मेहुण्याचा तक्ता जळगावच्या माणसाने उतरवून काढू नये. अंगणात काठी रोवून सावलीवरून वेळ काढण्याचा उत्साहही नको, कारण सावलीची वेळ वर्षभर सारखी चालत नाही; नोव्हेंबरच्या सुरुवातीला ती सरासरी वेळेच्या सुमारे १६ मिनिटे पुढे असते.

तक्त्यात जन्मवेळही लागते आणि जन्माच्या दाखल्यावर तारीख असते, वेळ नसते. घरीच जन्मलेल्या वृद्धांना कुंडलीचा आधार घ्यावा लागतो. त्यातही १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ या काळात, महायुद्धामुळे, देशातली घड्याळे एक तास पुढे होती. तेव्हा जन्मलेल्यांनी तो तास आधी काढावा आणि मग गावची मिनिटे काढावीत. कुंडली मांडणाऱ्या जोशीबुवांनी तो आधीच काढला असेल, तर तसे विचारून घ्यावे, नाहीतर तास दोनदा जातो.

खरा कस लागतो तो ‘वेळ छापलेल्या पुराव्या’चा. मागितलेल्या प्रहरी अर्जदार तेथे होता, हे सांगणारा कागद हवा, असे नियम म्हणतो. आयुष्यातल्या सुखाच्या दुपारची पावती कोण जपून ठेवतो, हे नियम करणाऱ्याला कोणी विचारलेले दिसत नाही. यावलकडच्या एका आबांना पत्नीबरोबर जळगावला कापूस घालायला गेले होते ती दुपार पाहायची होती. बियाण्याच्या पावत्यांच्या पिशवीत वजनकाट्याची पावती निघाली, पण थर्मल कागदावरची अक्षरे इतकी उडाली होती की वजन दिसत होते आणि वेळ दिसत नव्हती. उजेडात तिरकी धरल्यावर २ वाजून २० मिनिटे एवढे लागले; तक्त्यात १ वाजून ५२ मिनिटे लिहून अर्ज गेला आणि मंजूर झाला. असा कागद हाती लागताच त्याची छायाप्रत काढावी.

तारखेतही चूक होते. घुमटाचा दिवस पंचांगाप्रमाणे सूर्योदयाला सुरू होतो, मध्यरात्री नव्हे. रात्रपाळीच्या विजेवर शेतात पाणी भरताना अडीच वाजता घडलेली गोष्ट त्यामुळे आदल्या दिवसाच्या तारखेत लिहावी लागते.

मंजुरीनंतर फाटकावर नोंद होते आणि नोंदीपासून तीन घटकांत आत जावे लागते. घटका म्हणजे तास नव्हे, २४ मिनिटे. तीन घटकांची ७२ मिनिटे होतात, आणि तीन तास आहेत असे समजून चहाला गेलेल्या माणसांना फाटक बंद मिळालेले मी पाहिले आहे.

ही मोजणी घटिकापात्राने होते. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडतात. ती भरून बुडाली की एक घटका संपते. वाटीवर लक्ष ठेवायला अर्जदाराने एक हमीदार आणायचा असतो आणि त्याने दागिने काढून बसावे, अशी अट आहे. तिचे कारण चाळीसगाव भागात सांगावे लागत नाही, कारण पाटणादेवीच्या निमित्ताने गणिती भास्कराचार्यांचे नाव आणि त्यांच्या मुलीच्या, लीलावतीच्या, लग्नाच्या घटिकापात्रात मोती पडून छिद्र बुजल्याने मुहूर्त चुकल्याची दंतकथा तेथे ऐकलेली असते. हमीदार बाई असेल तर पोत काढावी लागत नाही. वाकताना ती पदराखाली खोचलेली असली तरी चालते, आणि वादाची वेळ आली तर हे फाटकावरच्या कारकुनाला नम्रपणे सांगावे, कारण त्यालाही ते दरवेळी आठवत नाही.