फोरो : बर्गमनच्या पटकथांमागचं बेट

स्वीडिश चित्रपट दिग्दर्शक इंगमार बर्गमन म्हटलं की फिल्म सोसायटीत सिनेमा बघत वाढलेल्यांना आधी चेहरे आठवतात. त्या चेहऱ्यांमागचा खडकाळ किनारा मात्र बहुतेक वेळा एकाच ठिकाणचा असतो. बाल्टिक समुद्रात स्वीडनचं गॉटलंड बेट आहे. त्याच्या उत्तरेला, चिंचोळी सामुद्रधुनी ओलांडली की फोरो.

बर्गमन तिथे पोचला तो नाइलाजाने. ‘थ्रू अ ग्लास डार्कली’ या त्याच्या चित्रपटाची गोष्ट बेटावर घडते आणि त्याला ती स्कॉटलंडजवळच्या ऑर्कनी बेटांवर चित्रित करायची होती. निर्मात्यांना खर्च झेपेना. फोरो एकदा बघून तरी या, असं त्यांनी सुचवलं. १९६० साली एका वादळी दिवशी तो फेरीबोटीतून उतरला आणि ऑर्कनीचा विषय तिथेच संपला. समुद्राने कुरतडलेले चुनखडीचे सुळके (तिथले लोक त्यांना ‘राउकर’ म्हणतात), वाऱ्याने वाकलेले पाइन, मेंढ्यांच्या निवाऱ्याची पार खाली उतरलेली गवती छपरं. हे सगळं त्याला आपलं वाटलं. ‘पर्सोना’ (१९६६) बराचसा इथेच चित्रित झाला. १९६७ मध्ये हम्मार्स इथे त्याने घर बांधलं.

पुढे तर जागाच पटकथा घडवू लागली. ‘शेम’ (१९६८) या चित्रपटासाठी उभारलेलं घर चित्रीकरणानंतर पाडावं लागणार होतं. बर्गमनचा त्या घरावर जीव जडला होता. ते टिकावं म्हणून त्याने तिथेच घडणारी नवी गोष्ट लिहिली, ‘द पॅशन ऑफ अ‍ॅना’ (१९६९).

पण या कथापटांमध्ये फोरोची माणसं जवळजवळ नाहीतच. बेट आहे, ते बर्गमनच्या मनातल्या एकाकीपणासाठी. म्हणून त्याने फोरोवर केलेले दोन माहितीपट मला फार मोलाचे वाटतात. पहिला १९७० च्या १ जानेवारीला स्वीडिश टीव्हीवर दाखवला गेला. त्यात शेतकरी, मेंढपाळ आपल्या अडचणी स्वतः सांगतात आणि शाळेच्या बसमधल्या मुलांना विचारलं जातं, इथेच राहणार का? १९७९ च्या दुसऱ्या माहितीपटात तो त्याच मुलांकडे परत जातो. त्यातला एक प्रसंग विसरता येत नाही. एकटा राहणारा एक शेतकरी स्वयंपाकघरात आपल्यापुरतं रांधतो आणि जेवतो. कॅमेरा घाई न करता बघत राहतो. दुसऱ्याच्या घरात आदबीने कसं बसावं, हे त्या दृश्यात दिसतं.

गावानेही त्याला आपला मानला. शीतयुद्धाच्या काळात हा लष्करी टापू होता, परदेशी लोकांना प्रवेश नव्हता. नंतर पर्यटक बर्गमनचं घर शोधत येऊ लागले, तेव्हा गावकरी त्यांना खुशाल चुकीचा रस्ता दाखवत. ३० जुलै २००७ ला बर्गमन फोरोवरच वारला. बेटावरच्या चर्चच्या आवारात त्याची कबर आहे. आज तिथे जेमतेम पाचशे माणसं कायम राहतात, आणि बर्गमनच्या नावाचं केंद्र चालतं ते बेटावरच्या जुन्या शाळेच्या इमारतीत.