वजन आणि गर्भपात: शंभर जणींचा हिशेब

आपोआप गर्भपात झाला की घरात कारण शोधणं सुरू होतं. जिना चढली, स्कूटरवर बसली, पिकल्या पपईची फोड खाल्ली. अलीकडे या यादीत वजनही आलं आहे. जिना, स्कूटर आणि त्या फोडीविरुद्ध पुरावा नाही; वजनाविरुद्ध आहे. मात्र तो किती मोठा आहे हे आकड्यांत पाहिलं नाही, तर वजन म्हणजे बाईला बोल लावायचं आणखी एक निमित्त होऊन बसतं.

चाचणीत दिवस राहिल्याचं कळल्यानंतर दर १०० गर्भारपणांपैकी साधारण १० ते १५ गर्भपातात संपतात, तेही बहुतेक पहिल्या तीन महिन्यांतच. २०११ साली सहा अभ्यास एकत्र करून, उपचारांशिवाय दिवस राहिलेल्या स्त्रियांची तुलना वजनानुसार केली गेली. प्रमाणात वजन असलेल्यांमध्ये गर्भपात १०.७ टक्के होते, लठ्ठ स्त्रियांमध्ये १३.६ टक्के. हीच गोष्ट ‘धोका सुमारे ३० टक्क्यांनी वाढतो’ अशी छापली की छातीत धस्स होतं. शंभर जणींत मोजली तर जास्तीचे गर्भपात तीन, आणि लठ्ठ असूनही ज्यांचं गर्भारपण पुढे गेलं अशा ८६ जणी. वयाचा परिणाम याहून कितीतरी मोठा. नॉर्वेतल्या नोंदींनुसार २५ ते २९ या वयात गर्भपाताचं प्रमाण १० टक्के असतं, पंचेचाळिशीनंतर ५० टक्क्यांच्या वर जातं.

लागोपाठ दोन किंवा अधिक गर्भपात झालेल्यांचं चित्र थोडं वेगळं आहे. त्यांच्यात लठ्ठपणाचा संबंध अधिक ठळक दिसतो, आणि वजन कमी असण्याचाही दिसतो.

वजन जास्त की कमी, हे ठरतं बीएमआयवरून: किलोमधलं वजन भागिले मीटरमधल्या उंचीचा वर्ग. उंची १५२ सेंटिमीटर, म्हणजे जेमतेम पाच फूट असेल, तर १८.५ ची खालची रेघ सुमारे ४३ किलोंवर येते, २५ ची ५८ किलोंवर आणि ३० ची ६९ किलोंवर. ही झाली जागतिक मोजपट्टी. भारतीयांसाठी डॉक्टर २३ पासून जास्त वजन आणि २५ पासून लठ्ठपणा धरतात. म्हणजे याच उंचीच्या बाईला ५३ किलोंपासूनच सावध राहायला सांगतात. याचं कारण पुण्याच्या डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी २००४ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये छापलेल्या एका फोटोत दिसतं. फोटोत ते स्वतः आणि ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन शेजारी शेजारी आहेत. दोघांचाही बीएमआय २२.३. शरीरातली चरबी मात्र युडकिन यांची ९.१ टक्के आणि याज्ञिकांची २१.२ टक्के. काट्यावर ‘नॉर्मल’ ठरलेल्या आपल्याकडच्या बाईच्या पोटाचा घेरही मोजायला हवा तो यासाठी. ८० सेंटिमीटरच्या वर असेल तर साखर तपासून घ्यावी.

सुरुवातीच्या गर्भपातांपैकी निम्म्याच्या आसपास गर्भांत गुणसूत्रांची संख्या चुकलेली असते. ती चूक बहुधा स्त्रीबीज पिकतानाच होते. तिचं खरं नातं वयाशी. वजन काम करतं ते दुसऱ्या बाजूने. वारंवार गर्भपात झालेल्या स्त्रियांच्या एका अभ्यासात पडून गेलेल्या गर्भांची गुणसूत्रं तपासली. लठ्ठ स्त्रियांमध्ये ५८ टक्के गर्भांची गुणसूत्रं ठीक निघाली, इतरांमध्ये ३७ टक्के. गर्भ ठीक होता आणि तरी टिकला नाही, असं लठ्ठपणात जास्त वेळा घडलं.

तर मग बिघडतं काय? बीज सुटल्यावर प्रोजेस्टेरॉन या संप्रेरकाच्या प्रभावाखाली गर्भाशयाच्या अस्तरातल्या पेशी फुगतात, रूप बदलतात, साखर साठवतात. बीज सुटल्यापासून साधारण सहा ते दहा दिवसांत गर्भ तिथे रुजतो. शरीर इन्सुलिनला दाद देईनासं झालं की रक्तातलं इन्सुलिन चढंच राहतं, चरबीच्या पेशी दाह वाढवणारी रसायनं सोडत राहतात, आणि अस्तराची ही तयारी अर्धवट होते असं दिसतं. पीसीओडी, म्हणजे संप्रेरकांच्या बिघाडाने पाळी अनियमित होणारा बीजकोशाचा विकार, असेल तर हे सगळं आणखी जोराने चालतं. बीज आणि अस्तर यांतला दोष वेगळा काढण्यासाठी दात्या स्त्रीचं बीज वापरलेल्या टेस्ट ट्यूब गर्भधारणा तपासल्या गेल्या. स्पेनमधल्या सुमारे साडेनऊ हजार उपचारांत, दात्या प्रमाणात वजनाच्या असूनही, लठ्ठ स्त्रियांच्या पदरात बाळ कमी वेळा पडलं. दुसऱ्या काही अभ्यासांना असा फरक सापडला नाही. या वादाचा निकाल अजून लागायचा आहे.

कमी वजनाबद्दल आपल्याकडे फारच कमी बोललं जातं. महाराष्ट्रात दर पाच स्त्रियांत साधारण एक बीएमआय १८.५ च्या खाली आहे, पण ‘बारीक आहे, चांगलंच आहे’ म्हणून विषय संपतो. ब्रिटनमधल्या २००७ च्या एका मोठ्या अभ्यासात, गर्भारपणाआधी बीएमआय १८.५ पेक्षा कमी असलेल्यांमध्ये पहिल्या तिमाहीतल्या गर्भपाताची शक्यता ७२ टक्क्यांनी जास्त आढळली. इतर अभ्यासांत ही वाढ बरीच लहान आहे, पण दिशा तीच. चरबी फार कमी झाली की लेप्टिन हे संप्रेरक घटतं, मेंदूकडून बीजकोशाला जाणारे इशारे मंदावतात. त्यातून पाळी लांबते, कधी बीज सुटल्यानंतर प्रोजेस्टेरॉन कमी पडतं. अशा बाईला नुसतं ‘खात जा’ म्हणून भागत नाही. हिमोग्लोबिन, थायरॉइड आणि बी-१२ तपासावं. शाकाहारी घरांत बी-१२ ची कमतरता सर्रास सापडते.

वजन जास्त असलेल्यांच्या बाबतीत निदानातही एक घोटाळा होतो. पाळी अनियमित असल्याने दिवस चुकीचे मोजले जातात. पोटावरून केलेल्या सोनोग्राफीत चरबीमुळे चित्र धूसर येतं. मग सातव्या आठवड्यात ‘ठोके दिसत नाहीत’ असा रिपोर्ट येतो, पण गर्भ खरं तर पाच-साडेपाच आठवड्यांचाच असतो. सोनोग्राफी योनिमार्गातून करावी. गर्भाची लांबी ७ मिलिमीटर झाली आणि ठोके नाहीत, किंवा गर्भाभोवतीची पिशवी २५ मिलिमीटरची झाली आणि आत गर्भ नाही, तेव्हाच गर्भपात नक्की धरतात. त्याआधी मापं कमी असतील आणि तब्येत ठीक असेल, तर ७ ते १४ दिवसांनी पुन्हा बघतात. गर्भाशय साफ करण्याच्या गोळ्या घेण्याआधी रिपोर्टवरचे हे दोन आकडे विचारून घ्यावेत. रक्तस्राव फार असेल किंवा पोटात एका बाजूला जोराने दुखत असेल तर मात्र थांबू नये, लगेच दवाखाना गाठावा.

वजन उतरवल्याने गर्भपात टळतो का? इथे डॉक्टरही गरजेपेक्षा जास्त खात्रीने बोलतात. नेदरलँड्समध्ये मूल होण्यात अडचण असलेल्या ५७७ लठ्ठ स्त्रियांपैकी निम्म्यांना आधी सहा महिने आहार-व्यायामाचा कार्यक्रम दिला, निम्म्यांचे उपचार लगेच सुरू केले. पहिल्या गटाचं वजन सरासरी ४.४ किलो उतरलं आणि त्यांच्यात उपचारांशिवाय दिवस राहण्याचं प्रमाण वाढलं. पण पूर्ण दिवसांचं निरोगी बाळ नैसर्गिक प्रसूतीने होण्याचं प्रमाण या गटात २७ टक्के राहिलं, थेट उपचारवाल्यांत ३५ टक्के. स्वीडनमध्ये टेस्ट ट्यूब उपचारांआधी सरासरी ९ किलोंहून अधिक वजन उतरवूनही बाळ होण्याचं प्रमाण जवळपास तेवढंच राहिलं.

म्हणून सल्ला वय पाहून द्यावा. तिशीच्या आतल्या, पीसीओडी असलेल्या ७० किलोंच्या बाईने तीन ते सहा महिन्यांत ५ टक्के, म्हणजे साडेतीन किलो वजन उतरवलं तर पाळी सुधारू शकते. मधुमेहाचा आणि रक्तदाबाचा धोकाही कमी होतो. अडतिशीच्या बाईला ‘आधी १५ किलो उतरवा, मग या’ म्हणणं तोट्याचं, कारण त्या वर्षभरात वय जे हिरावून घेईल ते उतरलेलं वजन भरून देणार नाही. वजन उतरवण्याची इंजेक्शनं चालू असतील तर गर्भनिरोधक वापरावं, आणि त्यांतलं सेमाग्लुटाइड हे औषध दिवस राहण्याच्या किमान दोन महिने आधी बंद करावं. वजन उतरवण्याची शस्त्रक्रिया झाली असेल तर एक ते दीड वर्ष थांबावं. दिवस राहिल्यावर डाएट मुळीच नको. लठ्ठ स्त्रीचंही पूर्ण गर्भारपणात ५ ते ९ किलो वजन वाढणं अपेक्षित असतं. फॉलिक ॲसिड किमान महिनाभर आधीपासून रोज ४०० मायक्रोग्रॅम, बीएमआय ३० च्या वर असेल तर ५ मिलिग्रॅमची गोळी घ्यावी का ते डॉक्टरांना विचारावं. ही गोळी बाळाच्या मणक्यासाठी असते, गर्भपात थांबवण्यासाठी नव्हे.

दोन गर्भपातांनंतर ‘वजन कमी करा’ एवढ्यावर बोळवण होत असेल तर ती मान्य करू नये. गर्भाशयाचा आकार, थायरॉइड आणि रक्त गोठण्याशी संबंधित अँटिफॉस्फोलिपिड प्रतिपिंडं तपासून घ्यावीत, वजन कितीही असो. प्रतिपिंडांची तपासणी एकदा पॉझिटिव्ह आली तर किमान १२ आठवड्यांनी पुन्हा करावी लागते. दोन्ही वेळा पॉझिटिव्हच आली, तर पुढच्या गर्भारपणात कमी मात्रेची ॲस्पिरिन आणि रक्त गोठू न देणाऱ्या हेपॅरिनची इंजेक्शनं हा उपचार आहे, आणि तो वजन उतरायची वाट न पाहता सुरू करता येतो.