आवाज दिसणाऱ्या जगातला ‘वर्ण’ : पार्श्वभूमी

आमच्या लेखकांच्या गटाने सोलापुरात बसून रचलेल्या या कथांच्या जगात आवाज रंग होऊन दिसतो, आणि कथांत सर्वांत आधी दिसला तो गिरणीचा भोंगा. साहजिकच आहे. शहरात पहिली कापडगिरणी १८७७ साली सुरू झाली आणि पुढे कित्येक पिढ्यांची सकाळ भोंग्याने ठरवली. आमच्या कथांत त्याची हळदी लाट चाळींच्या कौलांवरून सरकते. ठार बहिरी म्हातारीसुद्धा ती पाहून भाकऱ्या थापायला बसते.

त्याआधीचे थोडक्यात. सुरांना रंग चिकटवण्याची खोड जुनी. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने १३व्या शतकात लिहिलेल्या ‘संगीतरत्नाकरा’त षड्ज कमळाच्या रंगाचा, गंधार सोनेरी, मध्यम कुंदासारखा पांढरा, तर पंचम काळा. युरोपात १७०४ साली छापलेल्या प्रकाशावरच्या एका ग्रंथात वर्णपटाचे सात भाग सप्तकाच्या अंतरांवर बसवले गेले.

आमचा हिशेब रूक्ष होता. कानाला सेकंदाला साधारण २० ते २०,००० कंपने कळतात, म्हणजे जवळपास दहा सप्तके. डोळ्याला दिसणारा प्रकाश जेमतेम एका सप्तकाचा. एक सप्तक वर म्हणजे कंपने दुप्पट, म्हणून सूर दुपटी-दुपटीने वर न्यायचा असे ठरले. शिकवताना धरतात तो २४० कंपनांचा सा ४१ वेळा दुप्पट केला की पोपटी दिसतो. ३६० चा पंचम मात्र ४० दुपटींनी तांबड्याच्या अगदी कडेला, जवळजवळ अंधारात पडतो. आणखी एक दुप्पट केली तर जांभळ्याच्याही पलीकडे जातो. थोडक्यात, पंचम काळाच! निव्वळ योगायोग, पण त्या संध्याकाळी चहा दोनदा झाला. तेव्हापासून या जगात तंबोऱ्याची पहिली, म्हणजे पंचमाची तार छेडली तर हवेत काहीच दिसत नाही.

खरा तंटा शब्दावरून झाला. दिसणाऱ्या आवाजाला म्हणायचे काय? ‘वर्ण’ हा शब्द जणू याच कामासाठी घडलेला: रंग म्हणजे वर्ण, अक्षर म्हणजे वर्ण, आणि गाण्यातही स्थायी, आरोही, अवरोही, संचारी हे वर्णच. कान आणि डोळा एकाच शब्दात. शिवाय सोलापूरला तो तीन भाषांत पोचतो. कानडीतले ‘बण्ण’ हे त्याचेच झिजलेले रूप, आणि तेलुगू घरांत ‘वर्णम्’ परका नाही. मी उघडपणे याच बाजूचा होतो.

हरकत एकाच सभासदाने घेतली. तुमच्या जगात माणसाने तोंड उघडले की त्याचा वर्ण चारचौघांना दिसतो, तो जन्माने मिळालेला आहे, लपवता येत नाही. आणि वाचकाने यात फक्त सूर वाचायचा? यावर व्युत्पत्तीची उत्तरे खूप दिली गेली, माझीही त्यात होती, पण ती या प्रश्नाची उत्तरे नव्हती. बहुमताने ‘रंग’ आला. मैफल रंगते, ‘राग’ही रंगवण्याच्या धातूवरूनच आला, तेव्हा शब्द वाईट नाही, पातळ आहे इतकेच. पेटीवाल्यांना असल्या वादाची गरजच नसते म्हणा. आवाज काळी चारचा की पांढरी पाचचा, एवढे त्यांना पुरते.

‘वर्ण’ पुरता गेला नाही. पुढच्या कथांत तो सरकारी दप्तरात शिरला: कामगार ‘रंग’ म्हणतात, ‘वर्ण’ लिहितो तो नोंदणी कारकून. ही भर १९३० च्या मे महिन्यात सोलापुरात लागलेल्या मार्शल लॉवरून सुचली. जानेवारी १९३१ मध्ये चौघे स्वातंत्र्यसैनिक फासावर गेले, हे इथे कुणाला सांगायला नको. आमच्या जगात घोषणेचा रंग भिंतीवर रात्रभर राहतो, आणि सकाळी कारकून वही घेऊन येतो. माझ्या मते ‘वर्ण’ला मिळालेली ही जागा आधीच्या जागेपेक्षा योग्य आहे, जरी मतदानात मी हरलो होतो.

सध्याच्या कथा यंत्रमागांच्या आहेत. धोट्यांच्या खडखडाटाने पूर्व भागातली घरे करड्या धुक्यात बुडतात. शेजारच्याचा आवाज ना ऐकू येतो, ना दिसतो. माणसे हातांनी बोलतात. वीज गेली की धुके विरते, आणि बोळातून ‘नळ आले’ अशी हाक निळी लखलखीत येते.