कार आणि फोनचं ब्लूटूथ पेअरिंग: हा गुंता कुठून आला

नागपुरात आता साध्या हॅचबॅकमध्येही टचस्क्रीन येते, आणि शोरूममध्ये चाबी हातात दिल्यावर डिलिव्हरी देणारा पोरगा पहिले मालकाचा फोन गाडीला पेअर करून देतो. तरी गाडी घरी आल्यावर सगळ्यात जास्त प्रश्न याचेच विचारल्या जातात. गाणे वाजतात पण कॉल गाडीत येत नाही, मिस्टरांचा फोन आधी लागून जातो, नवीन फोन घेतला तर जुना काढल्याशिवाय लागत नाही, केबल लावली तरी ब्लूटूथ कशाला मागते वगैरे वगैरे. यातल्या जवळपास प्रत्येक गोष्टीमागे कोणीतरी पंधरा-वीस वर्षांआधी घेतलेला एखादा निर्णय आहे, तेवढंच इथं मांडतो. सेटिंग कुठं असते अन् ब्लूटूथ चालू कसं करायचं हे सगळ्यांना येते, ते सोडून देतो.

सुरुवातीचं थोडक्यात. १९९४ मध्ये एका स्वीडिश टेलिफोन कंपनीत मोबाईलची वायर काढून टाकायची म्हणून हे काम सुरू झालं, १९९८ मध्ये पाच मोठ्या कंपन्यांनी मिळून गट केला आणि १९९९ मध्ये पहिली आवृत्ती आली. तेव्हा डोळ्यासमोर होता एक माणूस, त्याचा एक फोन आणि कानातला एक हेडसेट. पुढच्या सगळ्या भानगडीचं मूळ माझ्या मते इथंच आहे, कारण कार ही एका माणसाची वस्तू नसतेच, घरातले चार जण चालवतात, ड्रायव्हर चालवतो, आणि फोन तीन वर्षांत बदलतो पण गाडी दहा-बारा वर्षं दारात उभी राहते. हेडसेटसाठी केलेली जोडणी जशीच्या तशी गाडीत आणून बसवली.

कारसाठी म्हणून वेगळा विचार झालाच नाही असं नाही. ब्लूटूथवाल्यांचा कारपुरता वेगळा कामगट होता आणि त्यांनीच हँड्स-फ्री प्रोफाईल तयार केलं (प्रोफाईल म्हणजे एका ठरावीक कामासाठी दोन यंत्रांनी कसं बोलायचं याचे नियम), त्याची १.० आवृत्ती २००३ ची. गंमत म्हणजे गाडी आणि फोन आजही एकमेकांशी कॉलबद्दल ज्या भाषेत बोलतात ती १९८१ च्या मोडेमची भाषा आहे, त्या जमान्यात कॉम्प्युटर टेलिफोन लाईनवर नंबर फिरवायला ज्या 'एटी' कमांड वापरायचा त्याच. स्टिअरिंगवरचं हिरवं बटण दाबलं की गाडी फोनला तसलीच एक ओळ पाठवते.

पण हे प्रोफाईल फक्त बोलण्यासाठी. आवाज मोनो, म्हणजे डावा-उजवा वेगळा नसलेला, ८ किलोहर्ट्झवर घेतलेला, म्हणून जुन्या गाड्यांत समोरचा माणूस डब्यातून बोलल्यासारखा वाटतो (२०११ च्या १.६ आवृत्तीत हे दुप्पट झालं, पण दोन्हीकडं ती सोय असेल तरच). गाण्यांसाठी वेगळं प्रोफाईल, पुढचं-मागचं गाणं करायला तिसरं, नावं आणि नंबर उतरवायला २००६ मध्ये चौथं. पेअरिंग एकदाच होते पण त्यानंतर ही चारही कनेक्शन वेगवेगळी लागतात, वेगवेगळी तुटतात. पहिला आयफोन २००७ मध्ये आला तेव्हा त्यात कॉल होते, स्टिरिओ गाणे नव्हते, ते २००९ च्या अपडेटमध्ये मिळाले. आजही फोनच्या सेटिंगमध्ये गाडीच्या नावाखाली 'फोन कॉल' अन् 'मीडिया ऑडिओ' अशा वेगळ्या खुणा दिसतात त्या ह्याच्यामुळं, आणि गाणे वाजून राहिले पण कॉल येत नाही असं झालं तर बहुतेकदा त्यातली एक बंद असते.

आपल्याकडं हे सगळं उशिरा आलं आणि कंपनीतून आलं नाही, डेकवाल्याकडून, म्हणजे गाडीत गाणे वाजवायचं यंत्र बसवून देणाऱ्याकडून आलं. दहा-पंधरा वर्षांआधी छोट्या गाडीच्या बेस मॉडेलमध्ये डेकच नसायचा, गाडी शोरूममधून निघून सरळ कार डेकोरवाल्याकडं जायची, सीट कव्हर, फ्लोअर मॅट आणि डेक एकाच दिवशी. त्याच्याही आधी लायटरच्या सॉकेटमध्ये लावायचे एफएम मॉड्युलेटर होते, त्यात पेन ड्राईव्ह घालायचा आणि रेडिओवर रिकामी फ्रिक्वेन्सी शोधायची, शहरात स्टेशनं वाढल्यावर ती सापडणंही कठीण झालं. मग ऑक्स केबल. मग ब्लूटूथ लिहिलेले चिनी डेक, स्वस्त, चकचकीत, आणि सगळ्यांचा पिन एकच. ज्यांनी त्या काळात गाडी घेतली त्यांना तो आकडा पाठ आहे, शून्य शून्य शून्य शून्य, नाही लागला तर एक दोन तीन चार.

हा पिनच खरा वादाचा मुद्दा आहे, म्हणून इथं जरा थांबतो.

जुन्या पद्धतीत पिन म्हणजे नुसती विचारपूस नव्हती. फोन आणि डेक मिळून जी गुप्त किल्ली तयार करतात, जिच्यावर पुढचा सगळा संवाद कुलूपबंद होतो, ती किल्ली ज्या मालमसाल्यातून बनायची त्यात गुप्त असा एकच पदार्थ होता, तो पिन. बाकी सगळं हवेतून उघडं जात होतं. नियमात पिन १६ अक्षरांपर्यंत ठेवायची मुभा होती, पण चारच्या वर फार कमी जण गेले. आणि ज्या यंत्राला बटणं नाहीत, स्क्रीन नाही, त्याला कारखान्यातच पक्का पिन टाकून द्यायची परवानगी दिली. हेडसेटसाठी ते समजू शकतो, कानातल्या वस्तूला आकडे कुठून टाकणार. पण त्याच सवलतीचा फायदा गाडीतल्या हँड्स-फ्री किटवाल्यांनी आणि डेकवाल्यांनी घेतला, ज्यांच्याकडं डिस्प्ले होता, व्हॉल्यूमची घुंडी होती, दर वेळी नवीन आकडा दाखवता आला असता. काही गाड्यांनी तो दाखवलाही. बाकीच्यांनी मॅन्युअलमध्ये ०००० छापून विषय संपवला.

२००५ मध्ये इस्रायलमधल्या दोन संशोधकांनी दाखवून दिलं की पेअरिंग होताना हवेतला संवाद पकडला तर चार आकडी पिन त्या काळच्या साध्या पेंटियम ४ कॉम्प्युटरवर ०.०६ सेकंदात निघतो. हे तर वेगळ्या पिनचं झालं. पक्क्या पिनला तेवढीही गरज नाही. त्याच वर्षी युरोपातल्या एका गटानं लॅपटॉपवरचं एक छोटं सॉफ्टवेअर जाहीर केलं, ते बाजूनं जाणाऱ्या गाडीच्या हँड्स-फ्री किटला कारखान्याचा ठरलेला पिन देऊन जोडून घ्यायचं, गाडीतला माईक ऐकायचं आणि स्पीकरमधून आवाजही सोडायचं. गाडीतल्या माणसानं काहीही केलेलं नसायचं.

कंपन्यांची बाजूही सांगतो. त्यांचं म्हणणं होतं की ब्लूटूथचा पल्ला साधारण दहा मीटर, गाडी चालती असते, कोण कोणाच्या मागं अँटेना घेऊन फिरणार, आणि ग्राहकाला अवघड पिन दिला तर तो सर्व्हिस सेंटरला येऊन बसेल. यात तथ्य नाही असं नाही. पण सिग्नलवर, पार्किंगमध्ये, टोलच्या रांगेत गाडी उभीच असते, आणि माईक असलेल्या वस्तूला सगळ्या जगाला माहीत असलेला पिन देणं हा सोयीसाठी घेतलेला चुकीचा निर्णय होता असं माझं स्पष्ट मत आहे. ग्राहकाला कोणी विचारलंच नव्हतं.

यावर उत्तर आलं २००७ मध्ये, ब्लूटूथच्या २.१ आवृत्तीत. पिन काढूनच टाकला. आता दोन्ही यंत्रं गणिताच्या एका युक्तीनं, जी बँकांच्या वेबसाईटही वापरतात, उघड्या हवेतून बोलूनही अशी किल्ली बनवतात की ऐकणाऱ्याला ती बनवता येत नाही. मग दोन्ही स्क्रीनवर सहा आकडे दिसतात आणि आपण फक्त पाहायचं की ते सारखे आहेत का. इथंच लोकांचा घोळ होतो. आधीच्या सवयीनं त्याला पण पिनच म्हणतात, लपवतात, कुठं टाकायचा ते शोधतात, मॅन्युअलमध्ये पाहतात. हे सहा आकडे गुपित नाहीत, बाजूच्या माणसानं पाहिले तरी त्याच्या हाती काही लागत नाही, त्यांचं काम एवढंच की मधात तिसरं यंत्र बसलेलं नाही याची खात्री करणं. मधात कोणी बसलं असेल तर दोन्हीकडं आकडे वेगळे दिसतील, आणि योगायोगानं सारखे दिसायची शक्यता दहा लाखात एक. म्हणजे सगळी सुरक्षा आपल्या त्या दोन सेकंदांच्या पाहण्यावर आहे, अन् तिथं आपण न पाहता 'ओके' दाबतो. डिलिव्हरीवाला पोरगा तर दोन्हीकडचं ओके स्वतःच दाबून मोकळा होतो, ग्राहकाला दाखवतही नाही. हे शोरूमवाल्यांनी बदलायला पाहिजे, त्यात वेळ लागत नाही.

आणि जुनी पळवाट उरलीच. ज्या यंत्राला स्क्रीन नाही त्याच्यासाठी 'जस्ट वर्क्स' नावाचा प्रकार ठेवला, म्हणजे काहीही न विचारता जोडून द्यायचं. त्यात नुसतं ऐकणाऱ्यापासून वाचता येते, मधात बसणाऱ्यापासून नाही. समोरचं यंत्र २.१ च्या आधीचं असलं तर फोन गुपचूप जुन्या पिनच्या पद्धतीवर उतरतो, नाहीतर जुनी गाडी लागलीच नसती. म्हणून आजच्या महागड्या फोनवरही, जुना डेक असेल तर, चार शून्य विचारल्या जातात.

एकदा किल्ली तयार झाली की ती दोन्हीकडं साठवल्या जाते आणि रोज तीच वापरल्या जाते. पेअरिंग एकदाच, कनेक्शन रोज. गाडीतून नाव काढलं पण फोनमध्ये राहू दिलं, किंवा फोन रिसेट केला पण गाडीत जुनी नोंद तशीच आहे, तर एकाकडं किल्ली आहे अन् दुसऱ्याकडं नाही, मग कितीही दाबा 'कनेक्ट होऊ शकत नाही' एवढंच येते. दोन्हीकडून काढून नव्यानं करणे हाच त्याचा इलाज. मिस्टरांचा फोन आधी लागायचं कारणही इथलंच, गाडी सुरू झाली की युनिट, म्हणजे गाडीतला डेक किंवा टचस्क्रीन, आपल्या यादीतल्या फोनांना एकामागून एक हाक मारते, आधी शेवटचा जोडलेला किंवा प्राधान्य दिलेला, आणि जो पहिले उत्तर देईल तो. नवरा घरात सोफ्यावर बसला असेल आणि गाडी पोर्चमध्ये असेल तर त्याचा फोन पल्ल्यातच आहे. जुन्या युनिटमध्ये यादीत जागाही मोजकीच, ती भरली की नवीन फोन घेत नाही.

सेकंड-हँड गाड्यांचा बाजार वाढला तेव्हा आणखी एक गोष्ट उघडी पडली. पेअर करताना 'कॉन्टॅक्ट आणि कॉल हिस्ट्री वापरू द्यायची का' असं फोन विचारतो, आपण हो म्हणतो, आणि कितीतरी युनिट ती यादी स्वतःच्या मेमरीत ठेवतात. गाडी विकताना आरसी, इन्शुरन्स, एनओसी, दोन चाब्या सगळं मोजून देतात, स्क्रीनमधली यादी मात्र तशीच पुढच्या मालकाकडं जाते. भाड्यानं घेतलेल्या गाडीतही तेच. त्या गाडीत गाणे ऐकायचे असतील तर कॉन्टॅक्टची परवानगी नाही दिली तरी गाणे वाजतात, हे माहीत असावं.

कायद्याकडं येतो, कारण आपल्याकडं हँड्स-फ्री वाढलं त्यात चालानच्या भीतीचाही वाटा आहे. मोटार वाहन कायदा १९८८ चा, त्याच्या कलम १८४ मध्ये २०१९ च्या दुरुस्तीनं गाडी चालवताना हातात धरायचं संपर्काचं साधन वापरणं स्पष्ट शब्दांत आलं, पहिल्या वेळी १००० ते ५००० रुपये दंड किंवा सहा महिने ते एक वर्ष कैद किंवा दोन्ही. ऑक्टोबर २०२० पासूनच्या नियमात हातातला फोन फक्त रस्ता पाहायला आणि लक्ष विचलित होणार नाही अशा रीतीनं वापरता येतो असं आलं. मग हँड्स-फ्रीचं काय यावर बराच गोंधळ झाला, शेवटी लोकसभेत लेखी उत्तर आलं की गाडीतल्या हँड्स-फ्री सोयीला कायद्यात दंड नाही, आणि हे उत्तर देणारं खातं नागपूरच्याच खासदारांकडं होतं, म्हणून आपल्याकडं त्याची चर्चा जरा जास्तच झाली. दंड नाही याचा अर्थ लक्ष विचलित होत नाही असा मात्र कोणी काढू नये, समृद्धीवर १२० च्या स्पीडनं जाताना गाडी एका सेकंदात ३३ मीटर पुढं जाते, हात स्टिअरिंगवर असले तरी.

आता शेवटचा टप्पा, जो बहुतेकांच्या गाडीत आज आहे. फोनमधले नकाशे, गाणे, कॉल गाडीच्या स्क्रीनवर आणणारं आयफोनचं कारप्ले २०१४ च्या मार्चमध्ये जाहीर झालं, अँड्रॉइड फोनांचं अँड्रॉइड ऑटो त्याच वर्षी जूनमध्ये, आणि दोन-तीन वर्षांत आपल्याकडच्या मध्यम गाड्यांत दोन्ही आले. दोन्हींनी ब्लूटूथला वेगवेगळी जागा दिली आणि घरात एक आयफोन, एक अँड्रॉइड असेल तर गोंधळ तिथं सुरू होतो. केबलवरच्या कारप्लेमध्ये कॉलपासून गाण्यापर्यंत सगळं केबलमधून जाते, ब्लूटूथ बाजूला होते. अँड्रॉइड ऑटोमध्ये नकाशा आणि गाणे केबलमधून, पण कॉलचा आवाज अजूनही त्याच २००३ वाल्या हँड्स-फ्री प्रोफाईलवरून, म्हणून केबल लावल्यावरही तो फोन पेअर करायला लावतो. वायरलेस कारप्लेमध्ये ब्लूटूथ फक्त ओळख पटवून वाय-फायचा पासवर्ड देते, बाकीचं ओझं वाय-फाय वाहते; वायरलेस अँड्रॉइड ऑटोमध्येही तसंच, फक्त कॉलचा आवाज तिथंही ब्लूटूथवरूनच जाते. अँड्रॉइड ११ पासून, म्हणजे २०२० पासून, वायरलेस अँड्रॉइड ऑटो बहुतेक सगळ्या अँड्रॉइड फोनांवर मिळालं.

आणि ज्यांच्या गाडीत फक्त केबलचं आहे ते आता यूएसबीत लावायचा छोटा वायरलेस अडॅप्टर घेऊन राहिले. त्याचं स्वतःचं ब्लूटूथ, गाडीचं स्वतःचं ब्लूटूथ, फोनच्या यादीत दोन नावं, त्यातलं कोणतं कॉलसाठी आणि कोणतं नुसतं ओळखीसाठी हे फोनलाही कधी कधी कळत नाही. अशा वेळी फोनमधून दोन्ही नावं काढायची, गाडीतून फोनचं नाव काढायचं, अडॅप्टर लावून पहिले त्याच्याशी पेअर करायचं आणि गाडीच्या ब्लूटूथची विनंती त्यानंतर स्क्रीनवर आपोआप आली तरच, दोन्हीकडचे सहा आकडे पाहून, ओके करायची.