संकलनाच्या टेबलावरची पटकथा

हृषीकेश मुखर्जी दिग्दर्शक म्हणून सगळ्यांना माहीत आहेत, पण त्यांचा हात घडला तो कात्रीवर. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये ते सुबोध मित्र यांच्याकडे संकलन शिकले आणि १९५१च्या सुमारास दिग्दर्शक बिमल रॉय यांच्याबरोबर मुंबईत आले. रॉय यांच्या १९५३च्या ‘दो बिघा जमीन’ची कथा सलील चौधरींची. पटकथा आणि संकलन मात्र दोन्ही मुखर्जींचं.

एकाच माणसाने लिहावं आणि कापावं, याला त्या काळात व्यावहारिक अर्थ होता. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, म्हणजे १६ सुटी चित्रं बसतात, एका मिनिटाला ९० फूट लागतात. सिमेंटने, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावणाने, जोड लावायचा तर टोकाचं इमल्शन, म्हणजे चित्राचा थर, खरवडावा लागे, आणि त्यात फ्रेम जाई. विचार बदलून तुकडा परत जोडायचा झाला, तर गेलेल्या फ्रेमच्या जागी तेवढीच काळी फिल्म घालावी लागे. ती विसरली की पुढच्या अख्ख्या रिळात ओठ एकीकडे आणि आवाज दुसरीकडे. पॉझिटिव्हवर, म्हणजे कापायला काढलेल्या प्रतीवर, निदान ही दुरुस्ती तरी होती. शेवटी फिल्मच्या काठावरचे नंबर जुळवून मूळ निगेटिव्ह कापली की तिथे चूक निस्तरायला जागाच नसे. त्यामुळे कुठला शॉट कुठे संपणार, हे कागदावरच ओळखणारा लेखक निर्मात्याला परवडायचा.

मुखर्जींनी दिग्दर्शित केलेला ‘मुसाफिर’ (१९५७) पाहा: घर एकच, भाडेकरू बदलतात, गोष्टी तीन. ही रचनाच मुळी संकलकाच्या डोक्यातली वाटते. दिग्दर्शक झाल्यावरही मुखर्जींनी टेबल सोडलं नाही. ‘मधुमती’ (१९५८) आणि मल्याळम ‘चेम्मीन’ (१९६५) हे दुसऱ्यांचे चित्रपटही त्यांनी संकलित केले. ‘आनंद’साठी (१९७१) कथा आणि संकलन अशी दोन्ही फिल्मफेअर पारितोषिकं त्यांना मिळाली. त्या चित्रपटाचा शेवट टेबलावर काम केलेल्या माणसालाच सुचावा असा आहे. संकलकासमोर चित्राची आणि आवाजाची पट्टी वेगवेगळी असते. इथे माणूस गेलेला आहे, आणि टेपवरचा त्याचा आवाज खोलीत बोलतो आहे.

पुढे चिकटपट्टीचे जोड आले, फ्रेम जाणं थांबलं. १९८९मध्ये संगणकावर संकलन करायचं अ‍ॅव्हिड आलं आणि मग कात्रीच गेली. कापणं फुकट झालं, पण लेखन काही टेबलावरून हललं नाही. ठाण्यात घोडबंदर रोडवर मालिकांचे सेट आहेत. अर्ध्या तासाच्या स्लॉटला जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटं उरतात. माल २६ मिनिटांचा आला, तर आधी दारातून येणं-जाणं उडतं, मग दुसऱ्यांदा सांगितलेली माहिती. मधलं वाक्य काढायचं तर ऐकणाऱ्याचा शॉट हाताशी हवा, नाहीतर चित्र उडी मारतं. आवाजाचंही तसंच. वाक्य गेलं की पंख्याची घरघर तुटते, किंवा बाहेरच्या ट्रकचा हॉर्न अर्ध्यातच गप्प होतो. म्हणून प्रत्येक लोकेशनवर सगळ्यांना गप्प करून रिकाम्या खोलीचा ३० सेकंद आवाज घ्यावा. घाईत नेमका हाच राहतो, आणि मग सगळं पार्श्वसंगीताखाली झाकावं लागतं. मराठी मालिकांत इतकं संगीत का, याचं निदान एक कारण तरी हे.

नवशिक्यांची ठरलेली चूक फ्रेमरेटची. आपल्याकडे टीव्हीचा हिशोब सेकंदाला २५ फ्रेमचा, सिनेमाचा २४चा. २५चं फुटेज २४च्या टाइमलाइनवर (सॉफ्टवेअरमध्ये शॉट ओळीने लावायची पट्टी) टाकलं की सॉफ्टवेअर दर सेकंदाला एक फ्रेम गाळतं. बसून बोलणाऱ्या माणसांत ते कळत नाही, पण कॅमेरा आडवा फिरला की झटके दिसतात. मोबाइलवरच्या क्लिपचा वेग तर मधेच बदलतो. सुरुवातीला जुळलेले ओठ लांब क्लिपच्या शेवटी सुटलेले असतात. अशी क्लिप कापायला घेण्याआधी स्थिर २५ फ्रेममध्ये बदलून घ्यावी. अर्धा एपिसोड कापून झाल्यावर बदलली, तर केलेले कट पुन्हा तपासत बसावं लागतं.